हवेची आवक-जावक

बाजारात सकाळी पहिला प्रश्न विचारला जातो तो आवकेचा. आज किती गाड्या आल्या, किती पोती उतरली, किती माल बाहेर गेला आणि थप्पीला किती उरला. भुसार मालाच्या आडतीवर तीन पिढ्या घालवलेल्या कुटुंबाला हा हिशेब कोणी शिकवावा लागत नाही. जेवढी जावक, तेवढी आवक कुठून तरी झालेली असलीच पाहिजे. मेळ बसला नाही तर रात्री उशिरापर्यंत वही उघडी राहते. परंतु ज्या घरात हा हिशेब अंगवळणी पडलेला असतो, त्याच घरात हवेची आवक किती आणि जावक किती, असे विचारण्याचे मात्र कोणाच्या मनात येत नाही. पुण्यात मार्केट यार्डाजवळ राहणाऱ्या एका कुटुंबालाही ते कधी सुचले नव्हते. सुचले तेव्हा घरातील चौदा वर्षांची मुलगी नाकातोंडावर ऑक्सिजनची मुखपट्टी लावून रुग्णालयातील खाटेवर पडलेली होती.

हे कुटुंब मूळचे बार्शीचे. घरातील दादीजी लग्न होऊन ज्या वाड्यात आल्या, त्याच्या पुढच्या अंगाला दुकान होते, मागे चौक, चौकाच्या तीन बाजूंना खोल्या आणि वर मातीचे जाड माळवद. स्वयंपाकघराच्या माळवदात उजेडासाठी आणि धुरासाठी एक साणे ठेवलेले होते. चूल पेटली की धूर त्या साण्यातून सरळ वर जाई. पाऊस आला की घरातील कोणीतरी वर जाऊन त्यावर पत्रा सरकवी आणि मग स्वयंपाकघरात डोळे चोळत बसण्याची वेळ येई. त्या काळी कोणी दाबाची किंवा प्रवाहाची भाषा बोलत नसे, पण साणे झाकले की धूर कोंडतो आणि दार लावून घेतले की साणे उघडे असूनही धूर नीट चढत नाही, एवढे घरातील लहान मुलालाही ठाऊक होते.

त्या वाड्याचे शास्त्र साधे होते. दुपारी चौकातील फरशी तापे, तिच्यावरची हवा हलकी होऊन वर जाई आणि तिची जागा घेण्यासाठी दुकानाच्या सावलीतील थंड हवा ओसरीवरून आत येई. वर जाणारी हवा खालच्या हवेला ओढून घेत असे. एका बाजूने जाण्याची वाट आणि दुसऱ्या बाजूने येण्याची वाट, या दोन्ही असल्यामुळे भर वैशाखातही चौकाच्या कडेला बसलेल्या माणसाच्या अंगाला वाऱ्याची झुळूक लागे. त्यासाठी कोणालाही पंखा हलवावा लागत नसे.

पुण्यातील घर आठव्या मजल्यावरचे, तीन खोल्या आणि दिवाणखान्याचे, सुमारे १००० चौरस फुटांचे. ते घेतले तेव्हा त्याला दोन उघड्या गॅलऱ्या होत्या. पहिल्या पावसाळ्यात पाणी आत आले म्हणून एक गॅलरी सरकत्या काचांनी बंद झाली. रस्त्यावरची धूळ येते म्हणून दिवाणखान्याच्या खिडक्यांना रबराच्या पट्ट्या बसल्या. कबुतरे येतात म्हणून न्हाणीघराच्या खिडकीतील काचेच्या तिरप्या पट्ट्या काढून तेथे एकसंध ॲक्रिलिकचा पत्रा लावण्यात आला. त्याला एकच भोक ठेवले, गॅसच्या गिझरची नळी बाहेर काढण्यासाठी. प्रत्येक बदलाला सबळ कारण होते आणि प्रत्येक बदलानंतर घर थोडे अधिक नीटनेटके दिसू लागले होते. शेवटी दिवाळीच्या आधी स्वयंपाकघरात विजेची मोठी चिमणी आली. सूनबाईंची ती अनेक वर्षांची इच्छा होती. फोडणीचा वास दिवाणखान्यात जायचा थांबला, भिंतीवरचा तेलकटपणा कमी झाला आणि सर्वांनी समाधान मानले.

समाधान नव्हते ते एकट्या दादीजींना. त्या रोज संध्याकाळी आपल्या खोलीत आसन घालून, मुखावर मुहपत्ती बांधून सामायिक करीत. सामायिक म्हणजे दोन घटिका, ४८ मिनिटे. त्या वेळात पंखा नाही, दिवा नाही, विजेच्या कोणत्याही बटणाला स्पर्श नाही. वायू हाही सजीव आहे, पृथ्वी, पाणी, अग्नी आणि वनस्पती यांच्याप्रमाणेच तोही एकेंद्रिय जीवांचा काय आहे, हे जैन घरातील मूल लहानपणीच शिकते. आचारांग सूत्राच्या पहिल्याच अध्ययनात, शस्त्रपरिज्ञेत, षट्कायांचा विचार वायुकायापर्यंत नेलेला आहे. साधू-साध्वी म्हणूनच पंख्याचा वारा घेत नाहीत. श्रावकाला ते सर्वस्वी शक्य नसले, तरी सामायिकाच्या ४८ मिनिटांपुरता तो साधूच्या जवळ जाऊन बसतो. आणि पंख्याविना, निश्चल, रोज एकाच जागी बसणाऱ्या माणसाला खोलीतील हवेची जी ओळख होते, ती पंख्याखाली वावरणाऱ्या इतरांना होत नाही.

दादीजींच्या खोलीच्या दाराला एक पातळ पडदा होता. पूर्वी तो संध्याकाळी गॅलरीकडून येणाऱ्या वाऱ्याने कधी आत, कधी बाहेर असा डुलत असे. दिवाळीनंतर तो डुलायचा थांबला. स्वयंपाकघरातील चिमणी सुरू झाली की पडदा बाहेरच्या बाजूला, स्वयंपाकघराच्या दिशेने ताणला जाई आणि ती बंद होईपर्यंत तसाच राही. एक-दोनदा खोलीचे दार आपोआप धाडकन आपटले. पाहुण्यांसाठी ठेवलेल्या न्हाणीघरातून, जे महिनोन्महिने कोणी वापरत नसे, गटाराचा वास येऊ लागला.

“घरात हवा उभी आहे,” त्या एकदा जेवताना म्हणाल्या. “चिमणी लावली की घर श्वास ओढून धरतं. सोडत नाही.”

“दादीजी, आठव्या मजल्यावर हवेला काय तोटा?” नात हसून म्हणाली होती. चिरंजीव म्हणाले, “बाई, बार्शीच्या वाड्याची सवय आहे तुम्हाला, म्हणून तसं वाटतं.” बोलणे तेथेच थांबले. दादीजींनीही पुन्हा विषय काढला नाही. म्हाताऱ्या माणसाच्या बोलण्यातील अर्धे आठवणीच्या खात्यावर टाकून देण्याची घराघरातील रीत त्यांना माहीत होती.

जानेवारीतील एका संध्याकाळी, साडेपाचच्या सुमारास, घरात नेहमीची लगबग होती. सर्वांचा चौविहार असल्यामुळे सूर्यास्तापूर्वी ताटे पडायला हवी होती. चिमणी पूर्ण वेगात होती. थंडी असल्यामुळे घरातील एकूण एक खिडकी बंद होती. दादीजींचे त्या दिवशी एकासणे होते. दुपारीच जेवण झाल्याने त्या लवकर सामायिकात बसल्या होत्या. नात खेळाच्या सरावाहून घामाघूम होऊन आली आणि एरवी सकाळीच स्नान करणारी ती मुलगी त्या दिवशी संध्याकाळी न्हाणीघरात गेली. गिझर पेटल्याचा आवाज आला, पाणी पडू लागले.

दादीजींना प्रथम जाणवले ते हे, की पाण्याचा आवाज बदलत नाही. अंघोळ करणाऱ्या माणसाच्या हालचालीने पाणी कधी अडते, कधी सांडते. येथे ते एकसारखे फरशीवर पडत होते. मग काहीतरी जड वस्तू पडल्यासारखा आवाज झाला. चिमणीच्या घरघरीत तो स्वयंपाकघरापर्यंत पोहोचला नसावा. दादीजींनी नातीला एकदा हाक मारली. उत्तर आले नाही.

सामायिकाची प्रतिज्ञा घेतल्यावर काळ पूर्ण होईपर्यंत आसन सोडायचे नाही, घरकामात मन घालायचे नाही, हा नियम त्यांनी साठ वर्षे पाळला होता. घरात पाहुणे आले, दूध उतू गेले, दारावरची घंटा वाजत राहिली, तरी त्या उठल्या नव्हत्या. त्या संध्याकाळी त्या उठल्या. भिंतीला धरत स्वयंपाकघरापर्यंत गेल्या आणि मुहपत्तीआडून एवढेच म्हणाल्या, “मुलगी बोलत नाही.” सूनबाईंनी चमच्याच्या दांड्याने बाहेरून कुलूप फिरवून दार उघडले. मुलगी फरशीवर पडलेली होती. गिझर धडधडत होता आणि त्याची ज्योत निळी नसून पिवळी दिसत होती. दोघींनी तिला ओढत गॅलरीत आणले, काचा सरकवल्या, शेजाऱ्यांना हाक मारली. शेजाऱ्याच्या मोटारीतून तिला रुग्णालयात नेले तेव्हा तिचा श्वास चालू होता.

डॉक्टरांनी जे सांगितले ते घरातील कोणी विसरणार नाही. गॅस जळताना त्याला पुरेशी ताजी हवा मिळाली नाही, तर कार्बन डायऑक्साइडऐवजी कार्बन मोनॉक्साइड तयार होऊ लागतो. त्याला रंग नाही, वास नाही, डोळ्यांना चुरचुर नाही. रक्तातील हिमोग्लोबिन प्राणवायूपेक्षा दोनशेहून अधिक पट आवडीने त्याला धरून ठेवते. डोके जड होते, मळमळते, पायांतील बळ जाते, आणि ज्याला धोका आहे तो माणूस धोका कळण्याआधीच बेशुद्ध होतो. आणखी काही मिनिटे गेली असती तर, असे वाक्य डॉक्टरांनी सुरू केले आणि अर्धवट सोडले. मुलगी दोन दिवसांनी घरी आली. त्या संध्याकाळी आपलेही डोके जड झाले होते, हे सूनबाईंना नंतर आठवले. त्यांनी ते उपवासाच्या दुसऱ्या दिवसाचा थकवा समजून सोडून दिले होते.

घरात एकच प्रश्न सर्वांना छळत होता. गिझरची नळी तर खिडकीतून बाहेर काढलेली होती. गेली चार वर्षे तोच गिझर, तीच नळी. मग त्याच दिवशी धूर आत कसा आला?

उत्तर मिळाले ते दादीजींच्या धाकट्या दिरांच्या मुलाकडून. तो वातानुकूलनाच्या कामातील अभियंता. त्याने प्रथम चिमणीच्या वेष्टनावरचा आकडा पाहिला : ताशी १२०० घनमीटर. मग घराचे माप घेतले. १००० चौरस फूट आणि साडेनऊ फूट उंची म्हणजे सुमारे २७० घनमीटर हवा. नळीच्या वळणांमुळे चिमणी प्रत्यक्षात निम्मीच हवा खेचते असे धरले, तरी अर्ध्या तासाच्या आत ती संपूर्ण घराएवढी हवा बाहेर टाकते.

“दादा, ही झाली जावक,” तो चुलत भावाला म्हणाला. “आता आवक कुठून होते ते दाखवा.”

खिडक्यांना रबर, गॅलरीला काच, मुख्य दाराला खालून पट्टी. आवकेला वाट नव्हती. परंतु हवेची वही कधी बिनमेळाची राहत नाही. जेवढी बाहेर गेली तेवढी आत येतेच. सरळ वाटेने येऊ दिली नाही तर सापडेल त्या वाटेने येते. पाहुण्यांच्या न्हाणीघरात जाळीखालच्या कटोरीतील पाणी आटलेले होते, तेथून गटाराची हवा येत होती. आणि दुसरी मोकळी वाट होती गिझरची नळी. एरवी स्नान सकाळी होत असे, तेव्हा चिमणी बंद असे आणि गरम धूर नळीतून वर चढून निघून जाई. त्या संध्याकाळी चिमणीने घरातील दाब खाली आणला होता. बाहेरची हवा नळीतून उलट आत शिरत होती आणि धुराला परत न्हाणीघरात ढकलत होती. तोच जळका वायू गिझर पुन्हा ओढून घेत होता, ज्योत पिवळी पडत होती आणि विष वाढत होते.

“दाबाचा फरक किती असेल?” चिरंजीवांनी विचारले.

“पाच-दहा पास्कल. वातावरणाचा दाब सुमारे एक लाख. म्हणजे एक क्विंटल मालात पाच-दहा ग्रॅम.”

ज्या माणसाच्या काट्यावर आयुष्यभर क्विंटल मोजले गेले, त्याला हा हिशेब लागला. पाच ग्रॅमचा फरक कोणताही व्यापारी हिशेबात धरत नाही. परंतु नळीतील गरम धूर ज्या बळावर वर चढतो ते बळही दोन-तीन पास्कलांचेच असते. तराजू इतका हलका असला की पाच ग्रॅमने पारडे फिरते.

खात्री करून घेण्यासाठी पुतण्याने उदबत्ती मागितली. तिच्या धुरावरून हवेची दिशा कळते. दादीजी म्हणाल्या, “त्यासाठी अग्नी कशाला पेटवायचा?” त्यांनी आपल्या जुन्या पुंजणीतील लोकरीचा एक सुटा धागा काढून दिला. गिझर बंद ठेवून, नळीच्या तोंडाशी तो धागा धरला आणि चिमणी सुरू केली. धागा उचलला गेला आणि न्हाणीघराच्या आतल्या बाजूला आडवा राहिला. मग स्वयंपाकघराची खिडकी चार बोटे उघडली. धागा खाली झुकला, पण थरथरत राहिला. खिडकी वीतभर उघडली तेव्हा तो सरळ खाली लोंबू लागला. घरातील सर्व माणसे त्या एका धाग्याकडे पाहत उभी होती. कोणी काही बोलले नाही.

“मोठी आई, तुम्ही पडद्याचं सांगितलं होतं ना,” पुतण्या म्हणाला, “तोच हा धागा. तुमचं बरोबर होतं.”

त्यानंतरच्या महिनाभरात घरात जे बदल झाले ते मोठे नव्हते, खर्चाचेही फारसे नव्हते. गिझर न्हाणीघरातून कायमचा निघाला आणि उघड्या राहिलेल्या गॅलरीच्या बाहेरच्या भिंतीवर गेला. आत आली ती फक्त गरम पाण्याची नळी. ॲक्रिलिकचा पत्रा काढून खिडकीला पुन्हा तिरप्या काचा बसल्या. खोल्यांच्या दारांखाली बोटभर फट ठेवण्यात आली, म्हणजे दार लावलेले असले तरी हवेला जाता यावे. पाहुण्यांच्या न्हाणीघरात दर आठवड्याला जाळीत तांब्याभर पाणी ओतण्याचा नियम झाला. स्वयंपाकघरात खाली जमिनीलगत आणि वर छताजवळ अशा दोन कायम उघड्या जाळ्या बसल्या, कारण सिलिंडरमधील गॅस हवेपेक्षा जड असल्याने गळती झाली तर खाली साचतो आणि नळाने येणारा नैसर्गिक वायू हलका असल्याने वर जातो. आणि सर्वांत महत्त्वाचा नियम चिमणीच्या बटणाशेजारी नातीने स्वतःच्या अक्षरात लिहून लावला : आधी खिडकी, मग चिमणी.

पुतण्याने आणखी एक गोष्ट समजावली, ती दाबाच्या चांगल्या-वाईटपणाची. दाब कमी असणे हा स्वतः दोष नव्हे. रुग्णालयात शस्त्रक्रियेच्या खोलीतील दाब बाहेरच्यापेक्षा किंचित जास्त ठेवतात, म्हणजे दार उघडले तरी बाहेरची धूळ आत येत नाही; क्षयरोग्याच्या विलग खोलीतील दाब किंचित कमी ठेवतात, म्हणजे आतले जंतू बाहेर जात नाहीत. घरातही तोच विवेक हवा. हवा स्वच्छ जागेकडून अस्वच्छ जागेकडे जावी : आधी निजण्याच्या आणि धर्मध्यानाच्या खोल्या, मग दिवाणखाना, मग स्वयंपाकघर आणि न्हाणीघर, आणि तेथून बाहेर. स्वयंपाकघरातील दाब इतरांपेक्षा थोडा कमी असणे योग्यच. पण त्यासाठी येणाऱ्या हवेला समोरच्या बाजूने मोकळी वाट हवी आणि जेथे गॅस जळतो तेथे नळी उलटी वाहणार नाही अशी व्यवस्था हवी. येण्याची आणि जाण्याची वाट साधारण सारख्या आकाराची असली, तर तेवढ्याच खिडक्यांतून सर्वाधिक वारा खेळतो. एकाच भिंतीला दोन मोठ्या खिडक्या असण्यापेक्षा समोरासमोरच्या भिंतींना एकेक लहान खिडकी असणे अधिक उपयोगाचे.

चिरंजीवांना यातील काहीच नवे नव्हते, आणि हेच त्यांना सर्वांत अधिक लागले. गोदामात पोत्यांच्या थप्प्या ते कधी जमिनीवर लावू देत नसत. खाली लाकडी फळ्या, भिंतीपासून हातभर अंतर, थप्पीथप्पीत वाट. हवा फिरली नाही तर तुरीला ओल धरते, डाळीला वास येतो, टोके पडतात, हे ते नव्या हमालालाही ऐकवीत. मालासाठी जी काळजी पन्नास वर्षे घेतली, ती माणसांसाठी घेण्याचे राहून गेले होते.

घरातील ओलीचाही उलगडा त्याच हिशेबात झाला. जैन घरात पिण्याचे पाणी रोज उकळले जाते. त्याची वाफ, भाताची वाफ, शिवाय गॅस जळताना स्वतःच तयार होणारी वाफ, हे सारे बंद खिडक्यांच्या घरात भिंतींवर जाऊन बसत होते. चातुर्मासात कपाटामागे बुरशी येई. घरच्या भाषेत जिला लीलन-फूलन म्हणतात, ती अनंत जीवांची वसाहत. ती आल्यावर पुसावी तरी हिंसा आणि ठेवावी तरी आजार, अशा पेचात दादीजी दर वर्षी पडत. खरी जयणा ती येऊच न देण्यात आहे. पाणी उकळताना खिडकी उघडी ठेवली, कपाट भिंतीपासून चार बोटे पुढे ओढले आणि पुढच्या पावसाळ्यात ती भिंत कोरडी राहिली.

खिडक्या उघडायच्या तर जीवजंतूंचा प्रश्न उभा राहिला. त्यावर बारीक जाळी आली. जाळीने वारा अडतो, म्हणून जाळीची चौकट मोठी घेतली आणि तिच्यावरची धूळ आठवड्याला मऊ झाडणीने हलकेच काढण्याचे काम नातीकडे आले. दिवेलागणीला पाखरे उजेडाकडे येतात, तेव्हा जाळी लावलेलीच राहते. कबुतरांसाठी चिमणीच्या बाहेरच्या तोंडाशीही जाळी बसली. मात्र ती बसवण्याआधी आत घरटे नाही, अंडी नाहीत, हे दोनदा पाहून घेतले गेले.

ऋतूंप्रमाणे वेळाही ठरल्या. पुण्यात हिवाळ्याच्या पहाटे थंड हवा जमिनीलगत साचून राहते आणि रस्त्यावरचा धूर तिच्यात अडकतो. म्हणून थंडीत खिडक्या दुपारी उघडतात. उन्हाळ्यात दिवसा झाकून रात्री उघडतात. पावसाळ्यात वारा पश्चिमेकडून येतो, तेव्हा पश्चिमेची खिडकी थोडी आणि पूर्वेची पूर्ण. निजताना दार-खिडक्या गच्च लावून घेतल्या, तर दोन माणसांच्या श्वासानेच बंद खोलीतील कार्बन डायऑक्साइड सकाळपर्यंत बाहेरच्या हवेच्या अनेक पट होतो. उठल्यावर जे डोके जड वाटते त्याचे एक कारण ते असते. आता निजण्याच्या खोलीची एक खिडकी बोटभर तरी उघडी असते.

भिंतीवर एक लहानसे यंत्रही लागले, कार्बन मोनॉक्साइड वाढला तर वाजणारे. ते लावताना पुतण्याने नातीला एक गोष्ट सांगितली. इंग्लंडच्या कोळसाखाणींत हाच वायू माणसांचे प्राण घेई. जॉन हॉल्डेन नावाच्या शास्त्रज्ञाने सुचवले, की खाणीत कॅनरी पक्षी न्यावेत. लहान जीव माणसाआधी गुदमरतो आणि माणसाला पळायला वेळ मिळतो. अनेक दशके त्या पक्ष्यांना पिंजऱ्यात घालून जमिनीखाली नेले जाई. १९८६मध्ये ब्रिटनने ती पद्धत बंद करण्याचे ठरवले, कारण तेच काम करणारे यंत्र तयार झाले होते. नातीने ते ऐकून यंत्राकडे बराच वेळ पाहिले आणि विचारले, “म्हणजे त्या पक्ष्याऐवजी हे?” दादीजी म्हणाल्या, “हो. आणि त्या दिवशी पक्ष्याच्या जागी तू होतीस.”

चातुर्मासात साध्वीजी स्थानकात आल्या तेव्हा दादीजींनी त्यांच्यासमोर आलोचना केली. साठ वर्षांत प्रथमच सामायिक अपुरे राहिल्याचे त्यांनी सांगितले आणि प्रायश्चित्त मागून घेतले. उठल्याचा पश्चात्ताप मात्र त्यांनी सांगितला नाही, कारण तो त्यांना झाला नव्हता. सूनबाईंच्या मनातील सल वेगळा होता. चिमणी त्यांच्या हट्टाने आली होती, खिडक्या त्यांनीच लावल्या होत्या. कित्येक दिवस त्या चिमणीचे बटण दाबताना थबकत. एकदा दादीजींनीच पुढे होऊन स्वयंपाकघराची खिडकी वीतभर उघडली आणि म्हणाल्या, “लाव आता. धूर तर जायलाच हवा. चूक चिमणीची नव्हती, तुझीही नव्हती. आपण सगळ्यांनी फक्त जावक पाहिली.”

वायुकायाची विराधना गृहस्थाला पूर्णपणे टाळता येत नाही. पंखा लागतो, चिमणी लागते. परंतु हवेला जेथे आपसूक जाता येते तेथे तिला यंत्राने ढकलावे लागत नाही, आणि जेथे वाट अडवलेली असते तेथे अधिकाधिक बळ लावावे लागते. त्या घरात आता दोन पंखे पूर्वीपेक्षा कमी फिरतात. विजेचे बिल थोडे उतरले आहे. चिरंजीव ते दर महिन्याला वहीत नोंदवतात, सवयीने.

संध्याकाळी दादीजी सामायिकात बसतात तेव्हा हल्ली नातही कधीकधी शेजारी आसन घालते. सगळी ४८ मिनिटे तिला निश्चल बसणे जमत नाही. मध्येच तिची नजर दाराकडे जाते. स्वयंपाकघरात चिमणी सुरू होते, आणि पडदा किंचित हलून पुन्हा जागच्या जागी येतो. तो सरळ लोंबताना दिसला की ती डोळे मिटून घेते.